तांब्यांच्या गच्चीवरची हॅलडेल बोट

लखनौला समुद्र नाही, ही गोष्ट दादाराव तांबे सोडून शहरातल्या सगळ्यांनी मान्य केलेली आहे. दादारावांच्या मते समुद्र नसणं ही एक किरकोळ अडचण आहे, आणि अडचणी त्यांनी रेल्वेच्या नोकरीत पुष्कळ पाहिल्या.

विकास नगरमधल्या बाकी घरांच्या गच्च्यांवर काय असतं? पाण्याची काळी टाकी, वाळत घातलेल्या उडदाच्या बड्या, म्हणजे आपले सांडगे, कटलेल्या पतंगाचा मांजा. तांब्यांच्या गच्चीवर एक मालवाहू बोट आहे. दोन खाटा लांबीला लांब ठेवल्या तर जेवढ्या होतील, तेवढी. पत्र्याची, रंगवलेली, धुरांड्यासकट, डोलकाठ्यांसकट, नांगरासकट. नांगराची साखळी शेजारच्या श्रीवास्तवांच्या जुन्या झोपाळ्याची आहे, आणि ती कशी मिळाली हे श्रीवास्तव अजून विचारतात.

बोटीचं नाव हॅलडेल. दुसऱ्या महायुद्धात ती पीठ, खेचरं, काडतुसं आणि सुटी केलेली रेल्वे इंजिनं वाहून नेत असे. इंजिनांचा उल्लेख आला की दादारावांचा आवाज हळवा होतो, कारण सारी नोकरी त्यांनी रेल्वेच्या एका कार्यालयात ड्राफ्ट्समन म्हणून केली. डब्याची कडी असो की मुलीच्या लग्नाचा मांडव, हा माणूस आधी प्रमाणात नकाशा काढतो आणि मगच हात लावतो. घरात देव्हारा नाही. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब आहेत, आणि त्यांच्या शेजारी, अंमळ खालच्या उंचीवर, हॅलडेलचा उभा छेद, म्हणजे बोट मधोमध कापून आत काय आहे ते दाखवणारा नकाशा. तिन्ही चौकटी ओळंबा लावून टांगलेल्या.

बोट गच्चीवर बांधायला घेतली तेव्हा अख्खी गल्ली खूश झाली होती, कारण जिना अरुंद होता. बोट पूर्ण होईल आणि खाली उतरणार नाही, तेव्हा दादारावांचं तोंड कसं होईल हे बघायला लोक महिनोन्महिने आशेने थांबले होते. बोट झाली, आणि दादारावांनी पाना घेऊन तिचे तीन तुकडे केले, जिन्यातून उतरवून दाखवले आणि परत वर नेऊन जोडले. ड्राफ्ट्समन माणसाकडून असली आशा ठेवणं हीच गल्लीची चूक होती.

हॅलडेल का, तर दादारावांचे वडील भागोजी तांबे त्या बोटीवर कोळसेवाले होते. दाभोळच्या खाडीकाठचा माणूस. बोटीच्या पोटात कोळशाची कोठी असते. तिथून फावड्याने कोळसा ओढून भट्टीपाशी आणून टाकायचा. भट्टीत टाकणारा तो आगवाला, त्याला आणून देणारा तो कोळसेवाला, आणि या सगळ्यांचा मुकादम तो सारंग. बोटीवर कोळसेवाल्याच्या खाली फक्त समुद्र.

वडिलांची गोष्ट मी दादारावांच्या तोंडून बारशाला ऐकली आहे, पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमात ऐकली आहे, गॅसच्या सिलिंडरच्या रांगेत ऐकली आहे. एकदा ते मला जामीन राहायला म्हणून सही करायला माझ्याकडे आले होते, तेव्हा सहीच्या आधी ऐकली आहे. ती सुरू होई स्कॉटलंडमधल्या क्लाइड नदीपासून, जिथे बोट बांधली. मग रंगूनचा तांदूळ येई, कलकत्त्याचा ताग येई, आणि ऐकणाऱ्याचा चहा गार झाला की युद्ध सुरू होई. चाळीसच्या उन्हाळ्यात अटलांटिक महासागरात जर्मन पाणबुडीने टॉर्पेडो मारला. हॅलडेल काही मिनिटांत तळाला गेली. भागोजी तांबे कोठाराच्या तोंडावरची एक फळी धरून तरंगत राहिले, दुसऱ्या एका जहाजाने त्यांना उचललं, आणि पुढच्या वर्षी ते गावी दारात येऊन उभे राहिले. तोवर बोट बुडाल्याची बातमी येऊन गेलेली होती आणि घरच्यांनी त्यांच्या बाराव्याचं जेवणही घातलेलं होतं. "आपल्याच बाराव्याला उशिरा पोचलेला एकमेव तांबे," असं म्हणून दादाराव हसत, आणि आपणही हसायचं असे.

ही गोष्ट नुसती करमणूक नव्हती, हे मला फार उशिरा कळलं. दादाराव लखनौला नोकरीवर आले तेव्हा महानगर नावाच्या वस्तीत खोली शोधत हिंडत होते. घरमालक आधी नाव विचारी, मग पूर्ण नाव विचारी, मग गाव, मग 'मतलब, कौन लोग?' असं विचारी. त्यावर दादाराव सांगत, "मेरे पिताजी टॉर्पेडो से बचे हुए हैं." या उत्तराचं काय करायचं हे कुठल्याच घरमालकाला ठाऊक नसे. खोली मिळत नसेच, पण जिना उतरताना मान वर राही. ऑफिसात साहेबाने नकाशा तोंडावर फेकला, तर दादाराव तो उचलून सरळ करत आणि मनात म्हणत, अटलांटिकमध्ये तरंगलेल्या माणसाचा मुलगा आहे मी. तुझा बाप कुठे तरंगला?

तर यंदाच्या भीमजयंतीच्या मिरवणुकीत हॅलडेल न्यायची असं त्यांनी ठरवलं. ठेल्यावर चढवून, खाली निळ्या कापडाचा समुद्र करून, बोटीच्या अंगाला टॉर्पेडोचं भगदाड पाडून, आणि समुद्रात फळीवर तरंगणारे भागोजी.

आमच्या भागातल्या जयंती समितीचे अध्यक्ष विपुल मेश्राम. नागपूरकडचे, बँकेत अधिकारी, वय पस्तिशीचं आणि धावपळ पंचवीस माणसांची. बोलताना एका हाताने मोबाइल चार्ज करत असतात. त्यांना कल्पना अतिशय आवडली. नेहमीच्या झांक्यांमध्ये, म्हणजे चित्ररथांमध्ये, काहीतरी नवीन, वर पराक्रम. कपूरथला चौकातल्या मंचावर मोठे अधिकारी पाहुणे येणार होते. विपुलरावांनी लगोलग बॅनर छापून आणला: समुद्रवीर भागोजी तांबे. त्यावर भागोजींचा फोटो नव्हता, कारण भागोजींनी उभ्या आयुष्यात फोटो काढून घेतला नव्हता. म्हणून एका उसळत्या लाटेचा फोटो टाकला होता.

भागोजींचा पुतळा करायला दादाराव मातीची खेळणी करणाऱ्या कारागिराकडे गेले. लखनौचे मातीचे पुतळे फार सुरेख असतात, पण कारागिराकडे तयार होते ते बँडवाले, भिश्ती आणि हुक्का ओढणारे नवाब. दादारावांनी एक बँडवाला घेतला, त्याचा तुतारीचा हात फळीवर आडवा बसवला, मिशी कमी केली, आणि भागोजी तयार झाले. उरलं एवढंच की भागोजींना बुचाचं जाकीट घालायचं. बोट बुडाल्यावर माणसाला तरंगत ठेवतं ते. दादाराव केशरी कापड आणि थर्माकोल घेऊन आले आणि त्यांनी ते कांताबाईंसमोर ठेवलं.

कांताबाई म्हणजे दादारावांच्या पत्नी. कमी बोलतात. घरात एक माणूस क्लाइड नदीपासून सुरुवात करणारा असला की दुसऱ्याला बोलायला वाव तो किती राहणार! शिवणकाम उत्तम. बोटीवरचे निशाणांचे सगळे पट्टे त्यांनीच शिवलेले. त्या दुपारी मी तिथेच होतो, कोकम घालून केलेली रोहूची आमटी खात. कांताबाईंनी मापाचा कागद बघितला, केशरी कापड बघितलं आणि कात्री बाजूला ठेवली.

"हे मी शिवणार नाही."

दादारावांना वाटलं कापड कमी पडतंय. त्यांनी मापं परत सांगितली.

"कापड पुरेल," कांताबाई म्हणाल्या. "बाबांना जाकीट नव्हतं."

"नव्हतं म्हणजे? मग ते पाण्यात तरंगले कसे?"

"ते पाण्यात पडलेच नव्हते."

आमटीचा घास माझ्या हातात तसाच राहिला. दादाराव हसले. मग हसायचं थांबले, कारण कांताबाई हसत नव्हत्या.

मग कांताबाईंनी सांगितलं. भागोजी शेवटची वर्षं लखनौला मुलाकडेच होते. नदीच्या माशाला वास नसतो म्हणून ते रोज कुरकुरत, आणि सून मासे साफ करायला बसली की देखरेखीला मोरीच्या उंबऱ्यावर येऊन बसत. तिथे त्यांनी तिला सांगितलं होतं. युद्ध सुरू झालं तेव्हा हॅलडेल आफ्रिकेतल्या कुठल्याशा बंदरात उभी होती. बोटीवर बुचाची जाकिटं आली. वर डेकवर काम करणाऱ्या सगळ्यांना मिळाली. खाली कोळशाच्या कोठीत काम करणाऱ्यांना मिळाली नाहीत. सारंगाने जाऊन विचारलं तर बोटीवरच्या साहेबाकडून उत्तर आलं की तळातल्या माणसाला जाकिटाचा उपयोग काय, टॉर्पेडो लागला तर तो वर येईपर्यंत बोट राहणार आहे थोडीच. हिशेब अगदी बरोबर होता. भागोजी आणि त्यांच्या सोबतचे कोळसेवाले खाली गेले, फावडी जमिनीवर आडवी ठेवली आणि बसले. जाकीट नाही तर फावडं नाही. शिव्या झाल्या, मग मार झाला, मग पोलीस आले. युद्धाच्या काळात काम नाकारलं म्हणून सगळ्यांना तिथल्या तुरुंगात घातलं आणि खडी फोडायला लावलं. कंपनीने बंदरावरून दुसरी माणसं गोळा केली आणि हॅलडेल गेली. ती पुढच्या उन्हाळ्यात बुडाली. भागोजी सुटून घरी आले, तर सगळा गाव समजला की हा बुडालेल्या बोटीतून वाचून आला. त्यांना काही खोटं सांगावंच लागलं नाही. गप्प बसलं की झालं. आणि मग मुलगा सरकारी नोकरीला लागायचा झाला, पोलीस घरी चौकशी करून जातात म्हणे, बाप तुरुंगात होता हे कशाला कळू द्या. म्हणून पुढेही गप्प बसले.

"तुला कधी सांगितलं हे?"

"सांगितलं ना, मासे साफ करताना."

"आणि तू इतकी वर्षं…"

"तुम्ही इतकं छान सांगत होतात," कांताबाई म्हणाल्या. "आणि बाबा म्हणाले होते, त्याने विचारलं तर सांग. तुम्ही कधी विचारलंच नाहीत. तुम्ही सांगतच राहिलात."

दादाराव उठले, केशरी कापडाची नीट घडी केली आणि गच्चीवर गेले.

त्यानंतर विकास नगरात अशी शांतता पसरली की श्रीवास्तव चौकशी करून गेले, भाईसाहब की तबीयत तो ठीक है? तब्येत ठीक होती. फक्त माणसाच्या अंगाखालची फळी कुणीतरी काढून घेतली होती. भाजीवाल्याला ते काही सांगेनात. दूधवाला दोन वेळा मुद्दाम रेंगाळला, त्यालाही काही सांगितलं नाही. चाळीसच्या उन्हाळ्यात अटलांटिकमध्ये कुणीच तरंगलं नव्हतं, तर मग महानगरच्या जिन्यांवरून मान वर करून कोण उतरलं होतं?

रविवारी त्यांचा मुलगा अनुप गोमती नगरहून आला. तो कंप्युटरच्या कंपनीत आहे. मराठी सगळं समजतं, उत्तर हिंदीतून देतो. त्याने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "पापा, किसको पता चलेगा? वही पुराना वाला रहने दीजिए. हीरो वाला." हे त्याने मायेनेच म्हटलं. आपला बाप अचानक म्हातारा दिसायला लागला की मुलं अशी मायेने वाईट सल्ला देतात.

दादारावांनी भिंतीवरचा हॅलडेलचा उभा छेद खाली उतरवला. कितीतरी वर्षं घालवून, कुठून कुठून माहिती मागवून त्यांनी तो काढलेला होता. कप्तानाची खोली होती, तिच्यात खुर्ची होती, खुर्चीला पाय होते. स्वयंपाकघरात कढया टांगलेल्या होत्या. भट्ट्या होत्या, मागे पाणी कापणारा पंखा होता, तो फिरवणारा दांडा होता. आणि कोळशाच्या कोठीच्या जागी एक चौकोन, तिरक्या रेघांनी भरलेला, वर सुबक अक्षरात लिहिलेलं: कोळसा.

बस. बाप ज्या जागी उभा होता ती जागा त्यांनी काढलीच नव्हती. ड्राफ्ट्समन लोकांची ही रीतच आहे, जिथे माल भरायचा तिथे रेघा मारायच्या आणि पुढे जायचं. त्यांनी पेन्सिल घेतली आणि कोठी आतून काढायला बसले. भिंती, दिवा टांगायची कडी, वर जाणाऱ्या उभ्या लोखंडी शिड्या, शिडीच्या वर झाकण, झाकणाच्या वर आणखी शिड्या. काढता काढता त्यांच्या लक्षात आलं की टॉर्पेडो लागल्यावर इथून कुणी वर येऊच शकत नाही. फळी धरून तरंगणारे भागोजी ही गोष्ट त्यांच्याच नकाशात बसत नव्हती. आयुष्यभर सांगितली, आणि एकदाही पट्टी लावून बघितली नव्हती.

"अनुप," ते म्हणाले, "त्या साहेबाचा हिशेब बरोबर होता. वर येता आलंच नसतं. बाबांना पण ते माहीत होतं. तरी जाकीट मागितलं."

"फिर क्यों माँगा?"

"वरच्यांना दिलं होतं म्हणून."

त्यानंतर जो आवाज सुरू झाला तो लोखंड कापायच्या मशीनचा. दादारावांनी हॅलडेलची एक बाजू कापून काढली. टॉर्पेडोच्या भगदाडाला त्यांनी आधीच कागदावर माप दिलं होतं; आता भगदाड राहूच दे, सबंध कूसच उघडी झाली. खाली कोळशाची कोठी दिसू लागली. तिथे बसवायला माणसं हवी होती, आणि बँडवाले काही केल्या बसेनात. कारागिराकडे बसलेले होते ते फक्त हुक्का ओढणारे नवाब. दादारावांनी ते सगळे उचलले. त्यांचे हुक्के काढले, अंगरखे काजळीने काळे केले, टोप्या खरवडल्या, आणि प्रत्येकाच्या पुढ्यात एक पत्र्याचं फावडं आडवं ठेवलं. चेहऱ्यावरचा तोरा मात्र काही जाईना. मी ते बोलून दाखवलं. दादाराव म्हणाले, तोरा राहू दे, तोरा बरोबर आहे.

विपुलराव घाईघाईने आले ते बॅनरची घडी काखेत मारून. कुणीतरी त्यांना सांगितलं होतं.

"काका, असं ऐनवेळी? सगळं किती पॉझिटिव्ह होतं. वीर होता, समुद्र होता."

"समुद्र आहे अजून."

"अहो, पण जेल दाखवणार? युद्ध चालू असताना काम बंद? पाहुणे कोण आहेत माहितीय ना तुम्हाला? लोक म्हणतील, देश लढत होता आणि हे बसून राहिले."

"कुणाचा देश लढत होता ते आधी पाहुण्यांना विचारा. आमच्या बाबांचा असता तर एक जाकीट दिलं असतं त्याने."

विपुलराव वाईट माणूस नाहीत. त्यांनी खुर्ची ओढली, बसले आणि खरी अडचणीची गोष्ट बोलले. "आणि काका, त्यांच्या जागी जी माणसं गेली ती बुडाली ना? तेही गरीबच असतील. त्यांचं काय? हे बसले म्हणून ते गेले, असं नाही का होत?"

उत्तर कांताबाईंनी दिलं, आतून, कणीक मळता मळता. "बाबा तेच म्हणायचे. माझ्या जागेवर कोण गेला, त्याचं नावसुद्धा मला ठाऊक नाही, म्हणायचे. म्हणून तर गप्प बसले ते. तुरुंगाची लाज नव्हती त्यांना. तुम्हाला काय वाटलं, नुसते पोलिसांना भिऊन?"

मग दादाराव म्हणाले, "तेही दाखवणार. खालच्या निळ्या कापडात त्यांचे हात दाखवणार. जाकीट त्यांनाही दिलेलं नव्हतं. विपुलराव, त्यांना बाबांनी नाही बुडवलं. ज्याने जाकीट दिलं नाही त्याने बुडवलं. एवढी साधी गोष्ट बाबांना आयुष्यभर कुणी सांगितली नाही, कारण त्यांचा मुलगा टॉर्पेडो सांगत फिरत होता. आता तो हे सांगत फिरणार."

"बॅनर छापून झालाय, काका."

"मग बॅनरलाच चालवा मिरवणुकीत."

शेवटी तडजोड अशी निघाली की बोट सगळ्यात शेवटी असेल आणि कपूरथल्याच्या अलीकडच्या गल्लीतून वळून परत जाईल, मंचासमोर येणार नाही. म्हणजे तडजोड विपुलरावांच्या बाजूने निघाली. दादारावांनी "शेवटी असेल" एवढ्याच भागाला मान हलवली, आणि विपुलरावांचा फोन वाजला.

चौदा एप्रिलला ऊन असं होतं की डांबराला पाय चिकटत होते. पुढे घोडे, मग निळे झेंडे, मग गाण्यांचे भोंगे लावलेला ट्रक, मग मोठमोठ्या झांक्या, जागोजागी सरबताची पिंपं. हॅलडेल अशा रीतीने निघाली की तिच्यापुढे बरीच मोकळी जागा होती, कारण ट्रकच्या आवाजाने दादारावांच्या नवाबांची फावडी थरथरत होती. ठेला ओढायला ठेलेवाला होता. मागून ढकलायला, ऑफिसचे चकचकीत बूट घालून, अनुप. "मैं तो बस सँभालने आया हूँ, गिर न जाए," असं त्याने येताच जाहीर केलं होतं. ठेल्याच्या कडेला मोठ्या अक्षरात पाटी: जैकेट नहीं तो फावड़ा नहीं. एका बाजूला दादाराव, पांढरा शर्ट, इस्त्री अशी की छातीला घडीची रेघ दिसावी. दुसऱ्या बाजूला निळ्या काठाच्या पांढऱ्या साडीत कांताबाई, डोक्यावर ओला रुमाल.

लोकांना काही कळत नव्हतं. पुढच्या झांक्यांना टाळ्या पडत, फुलं पडत. हॅलडेल आली की लोक बघत, खाली वाकून कोठीत बघत आणि एकमेकांना विचारत, ये क्या है? नाव है? हुक्का कहाँ गया? एकाने तर मातीच्या खेळण्यांचं दुकान समजून भाव विचारला. दादाराव डगमगले नाहीत. इतकी वर्षं लोकांचे चहा गार करणाऱ्या माणसाला असल्या गोष्टींनी काही होत नाही.

ठरलेली वळायची गल्ली आली. ठेलेवाल्याने मागे बघितलं. दादाराव म्हणाले, "सीधे." अनुपने बापाकडे बघितलं, मंचाच्या दिशेला बघितलं आणि ठेला सरळ ढकलला.

चौकाच्या अलीकडे रस्त्याच्या कडेला गटाराचं झाकण उघडून ठेवलेलं होतं. सुट्टीच्या दिवशीही गटार तुंबायचं थांबत नाही. चार-पाच माणसं दोर आणि बादल्या घेऊन उभी होती, मिरवणूक जाईपर्यंत काम थांबवून. त्यांतला एक नुकताच वर आलेला होता, उघड्या अंगाने, कमरेपर्यंत काळा. त्याने बोटीच्या पोटात बसलेली काळी माणसं पाहिली. मग पाटी वाचली. मग ठेल्यापाशी आला.

"ये लोग बैठे क्यों हैं?"

दादारावांनी सांगितलं. या वेळी क्लाइड नदी आली नाही, रंगूनचा तांदूळ आला नाही. चारच वाक्यांत सांगितलं, आणि मला वाटतं त्यांनी आयुष्यात सांगितलेली ही सगळ्यात लहान गोष्ट असेल.

तो माणूस ऐकत होता. "मिली जैकेट?"

"नहीं मिली."

"फिर गए काम पे?"

"नहीं गए. जेल गए."

त्याने वळून आपल्या सोबत्यांना हाक मारली. ते आले. दोर घेऊनच आले. ठेला थांबला. पुढची मिरवणूक लांब निघून गेली. मंचावरून भोंग्यात सूचना येऊ लागली की शेवटच्या झांकीने कृपया लवकर पुढे यावं किंवा वळावं. तेवढ्यात विपुलराव धावत आले, घामाने निथळत, मोबाइल कानाला.

"काका, काय करताय तुम्ही? पाहुणे उठायला लागले. एक तर वळवा नाहीतर चला. ट्रॅफिकवाले माझ्यावर ओरडतायत."

दादाराव बोलणार होते. पण त्या कमरेपर्यंत काळ्या माणसाने निळ्या कापडातून वर आलेले हात बघितले होते, आणि तो विचारत होता, "और ये कौन हैं, पानी में?" हा प्रश्न त्याने दादारावांना नाही, कांताबाईंना विचारला, कारण त्या त्या बाजूला उभ्या होत्या. कांताबाईंनी डोक्यावरचा रुमाल काढून हातात घेतला. सभेत, मंडळात, लग्नात, कुठेही कुणी त्यांना चार माणसांपुढे बोलताना ऐकलं नव्हतं. त्यांची हिंदी मोडकी आहे, तीत कोकण भरपूर आहे.

"ये वो लोग हैं जो बाद में गए," त्या म्हणाल्या. "मेरे ससुर मेरे को बताते थे. मैं मछली साफ करती थी ना, तब बैठ के बताते थे…"

सरबताच्या पिंपाजवळची माणसं सरकत सरकत इकडे आली. अनुप ठेल्याला पाठ लावून उभा राहिला, तो हलू नये म्हणून. विपुलरावांनी घड्याळाकडे बोट दाखवलं आणि परत काही म्हणायला तोंड उघडलं.

"विपुलराव," दादाराव म्हणाले, "ती बोलतेय. थांबा."

विपुलरावांचा फोन वाजत होता. त्यांनी तो खिशात घातला.